क्निपसाहेबांनी लिहिलेल्या सात ओळी

जर्मनीतल्या कुठल्याशा पेपरात क्निपसाहेब गेल्याची बातमी आली, ती मिचिकोसाननी दुकानात येऊन मला वाचून दाखवली. मिचिकोसान म्हणजे त्यांची बायको, नागोयाचीच. बातमी चार ओळींची होती. पहिल्या ओळीत हार्टमुट क्निप नावाचे एक पटकथालेखक वारले असं होतं. दुसरी ओळ त्यांनी लिहिलेल्या टीव्हीवरच्या पोलिसी मालिकेबद्दल. उरलेल्या दोन ओळी त्या मालिकेत कमिसारचं, म्हणजे फौजदाराचं, काम करणाऱ्या नटाबद्दल. नट जिवंत आहे, ठणठणीत आहे आणि त्याला फार दुःख झालं आहे.

"अर्धी बातमी नटाची," मिचिकोसान म्हणाल्या. "वाचली असती तर खूश झाले असते. सगळीच नटाची असणार असं त्यांना वाटत होतं."

हे लिहायचं काम माझ्याकडे आलं ते असं, की इथल्या मराठी मंडळाच्या दिवाळी अंकात पाच-सहा पानं रिकामी राहिली. मंडळाचे अध्यक्ष मोघेसाहेब मोटारींच्या कारखान्यात इंजिनिअर आहेत. ते म्हणाले, "सुरेश, तू त्या जर्मन म्हाताऱ्यावर लिही. ऱ्हस्व-दीर्घ मी बघतो." मी आठवीत शाळा सोडली, मग गोव्याच्या हॉटेलांत कांदे चिरले आणि आता नागोयात एका इंडियन हॉटेलात, म्हणजे आम्ही ज्याला दुकान म्हणतो तिथे, आचारी आहे. ऱ्हस्व-दीर्घाशी माझं भांडण जुनंच आहे, त्यामुळे मोघेसाहेबांचे उपकार आहेतच. फक्त या लेखात मोघेसाहेबही येणार आहेत आणि ते स्वतःच तपासणार आहेत. छापून आल्यावर किती उरलेत ते बघू.

क्निपसाहेबांची आणि माझी गाठ पडली तीही शाळेतच. वॉर्डाच्या सभागृहात दर शनिवारी सकाळी परदेशी लोकांना फुकट जपानी शिकवतात. शिकवणाऱ्या साकागुची-सेन्सेई सत्तरीच्या, स्वभावाने गोड, आणि आम्हा दोघांमुळे वर्षभरात ऐंशीच्या दिसायला लागलेल्या. वर्गातली बाकीची सगळी तरणी मंडळी, महिन्याभरात फडाफडा बोलायला लागणारी. मागच्या बाकावर आम्ही दोघं. एक हे, सव्वासहा फुटी, वय शहात्तर, कानावर पेन्सिल. आणि एक मी, हात कितीही धुतले तरी लसणाचा वास येणारा.

पहिल्याच दिवशी त्यांनी माझ्या शर्टावरच्या नावाच्या चिठ्ठीवर आपला अंगठा ठेवला. कोचरेकर या नावाची पहिली चार इंग्रजी अक्षरं तेवढी उघडी राहिली.

"कोख," ते इंग्रजीत म्हणाले. "आमच्याकडे याचा अर्थ आचारी. तू काय करतोस?"

"आचारीच आहे, साहेब."

"वाईट लेखकाचं काम. पात्राच्या नावातच धंदा घालून ठेवलाय."

सेन्सेईंना ते नाव पूर्ण जमेना. त्या 'कोचा-सान' म्हणायच्या. जपानीत कोचा म्हणजे कोरा चहा. वेंगुर्ल्याकडच्या ज्या गावावरून आमचं आडनाव पडलं त्या गावात अजून एसटी वेळेवर येत नाही, पण आडनाव मात्र एका भाषेत आचारी आणि दुसऱ्या भाषेत चहा होऊन बसलंय.

त्यांना जपानी का येत नाही याचं एक कारण मला लवकरच कळलं. पुस्तकात एक संवाद होता. तानाकासान एका बाईंना विचारतात, पोस्ट ऑफिस कुठे आहे? बाई सांगतात, इथे समोरच आहे. आम्ही दोघांनी तो म्हणायचा होता. क्निपसाहेब बसूनच राहिले.

"हा का विचारतोय?"

सेन्सेई म्हणाल्या, "पत्र टाकायचंय."

"पोस्ट समोर आहे. पाटी चित्रातसुद्धा दिसतेय. म्हणजे एक तर याला दिसत नाही, नाहीतर याला या बाईशी बोलायचंय. कोणतं ते सांगा, म्हणजे मी त्या आवाजात विचारतो."

बाईंची वाक्यं माझ्याकडे होती. मी घाबरून म्हणालो, "साहेब, नुसतं वाचा ना. मला भाजी फोडणीला घालायला जायचंय."

"हा बघा," ते म्हणाले, "याला निदान काहीतरी हवंय."

सेन्सेई तोंडावर हात घेऊन हसत सुटल्या. पुढच्या शनिवारी त्यांनी संवाद स्वतः नवा लिहून आणला. त्यात तानाकासान विधुर होते. क्निपसाहेबांनी तो वाचला आणि दोन वाक्यं खोडली. जपानी त्यांना त्यानंतरही आलं नाही. लग्नाला चाळीस वर्षं झाली तरी बायकोची भाषा येत नाही असं कोणी म्हटलं की ते म्हणायचे, "म्हणून तर चाळीस झाली."

कोणाला काय हवंय, आणि वाटेत कोण उभं आहे? एवढे दोनच प्रश्न त्यांना जगात विचारण्याजोगे वाटत. त्यांच्या घरी फ्रिजच्या दारावर जाड कागदाचे तुकडे लोहचुंबकाने लावलेले असत. एका तुकड्यावर एक प्रसंग. टीव्हीचं काम सुटून दहा वर्षं झाली होती, तरी तुकडे चालूच. एकदा मी बघितलं तर एकावर 'मिचिको दातांच्या डॉक्टरकडे' एवढंच होतं आणि खाली लाल पेन्सिलने प्रश्न: 'अडथळा?' कोणी गोष्ट सांगायला लागलं की ते घड्याळ पाहत. तिसऱ्या मिनिटापर्यंत काही घडलं नाही तर उठून खिडकीशी जात. आमच्या मंडळातल्या निम्म्या लोकांनी त्यांची फक्त पाठच बघितली आहे.

त्यांचं करिअर त्यांनी मला तुकड्यातुकड्यानेच सांगितलं. सुरुवात लहान मुलांच्या कार्यक्रमापासून, एका लोकरीच्या अस्वलासाठी वाक्यं लिहिण्यापासून. "आयुष्यात भेटलेला सर्वांत समजूतदार नट. वाक्यं बदलायचा नाही." मग पोलिसी मालिका. एका छोट्या, झाडाफुलांच्या, स्वच्छ गावात दर आठवड्याला एक खून, अशी तीस वर्षं. त्यांच्या हिशेबाने गावातली माणसं केव्हाच संपली होती, पण चॅनलला गाव आवडलं होतं. मग आमचा कमिसार मेलेल्यांचे जुळे भाऊ शोधू लागला.

आणि एक सिनेमा. जन्मात एकच. बर्फाच्या वादळात अडकलेल्या टपालवाल्याची गोष्ट त्यांनी चार वर्षं लिहिली. निर्मात्याला तेवढ्यात स्पेनच्या किनाऱ्यावर एक हॉटेल फुकट मिळालं. बर्फाची वाळू झाली. टपालवाला अडकायचा तो अडकलाच, पण चड्डीवर. "लोक विचारायचे, हा उठून का जात नाही? मी काय सांगू? हॉटेल फुकट होतं." पडद्यावर त्यांचं नाव आलं तेव्हा त्यांना शिंक आली. डोळे उघडले तोवर केशरचनावाल्या बाईचं नाव आलं होतं.

शेवटी चॅनलवर एक तरुण संपादक आला आणि म्हणाला, तुमची पात्रं फार कमी बोलतात. क्निपसाहेबांनी उत्तर दिलं नाही. तेवढ्यावरून त्यांना काढलं.

जपानला आल्यावर त्यांनी एकदा सगळ्या जुन्या संहिता रद्दीत टाकायच्या ठरवल्या. इथे कचऱ्याचं काय चालतं ते इथल्या मराठी वाचकांना सांगायला नको. साहेबांनी गठ्ठे प्लास्टिकच्या दोरीने बांधून कोपऱ्यावर ठेवले. कागद कागदाच्याच दोरीने बांधायचे असतात. संध्याकाळी प्रत्येक गठ्ठ्यावर लाल चिठ्ठी: स्वीकारता येत नाही. मी गेलो तेव्हा ते जिन्यात गठ्ठ्यांवर बसून हसत होते, डोळ्यांतून पाणी येईपर्यंत. "तीस वर्षं संपादकांनी परत पाठवलं. पण कचऱ्यानेसुद्धा?" आम्ही दोघांनी ते गठ्ठे नव्याने बांधले. कागदाच्या दोरीने गाठ मारणं त्यांना जमेना, ती मी मारली.

कौतुक त्यांच्या तोंडून निघत नसे. आमच्या दुकानात सर्वांत जास्त खपतो तो चीज नान. तो एकदा खाऊन ते म्हणाले, "हा चॅनलवाल्यांनी सुचवलेला बदल आहे." मग मी आतून माझ्यासाठी केलेली बांगड्याची आमटी आणून दिली. त्यांनी वाटी तळापर्यंत पुसून खाल्ली आणि म्हणाले, "यातलं काही कापावंसं वाटत नाही." मी घरी फोन करून हे सांगितलं. बायकोला, सुनंदाला, ते कौतुक आहे हे पटवायला वेळ लागला.

आता मोघेसाहेब. मागच्या गणेशोत्सवात त्यांनी स्वतः लिहिलेली एकांकिका झाली. जेवण आमच्या दुकानाचं होतं, म्हणून मी होतो, आणि माझ्यामागून क्निपसाहेब. एकांकिकेत परदेशातलं एक मराठी कुटुंब होतं. नवरा मायभूमीसाठी रडतो, बायको मायभूमीसाठी रडते, शेवटी शेजारचा जपानीही मायभूमीसाठी रडतो, त्यांच्याच. क्निपसाहेब पहिल्या रांगेत, शेजारी मी, वाक्य न् वाक्य त्यांच्या कानात इंग्रजीत सांगत. उठून जायला खिडकी नव्हती.

पडदा पडल्यावर मोघेसाहेब घाम पुसत आले. "कसं वाटलं, सर?"

"जेवण उत्तम."

"नाही, नाटक."

"यातल्या सगळ्यांना घरी जायचंय," क्निपसाहेब अगदी मनापासून म्हणाले. "विमानतळ तासाभरावर आहे. मग कोणी जात का नाही?"

मोघेसाहेबांचं तोंड उतरलं. मंडळाची पुढची जेवणं गेली म्हणून समजा, आणि मालकाला मी काय सांगू! मी पुढे होऊन दोघांनाही सॉरी म्हणालो. मोघेसाहेबांनी मला बाजूला घेतलं. "अरे, हा तुझा पाहुणा ना? त्याला सांग, आपल्याकडे भावना असतात." आठच दिवसांनी तेच मोघेसाहेब वही घेऊन दुकानात आले आणि माझ्या कानाशी लागून म्हणाले, "विचार ना त्यांना, कोणी जात का नाही याचं उत्तर काय द्यावं?" मी विचारलं. क्निपसाहेब म्हणाले, "ते सापडलं की नाटक सापडेल." मोघेसाहेब अजून शोधतायत.

आता माझी गोष्ट थोडी सांगावी लागेल, कारण क्निपसाहेबांचं सर्वांत चांगलं लिखाण तिच्यातच आहे.

मी नागोयाला एकटा आलो. तीन वर्षांनी मालक म्हणाला, बायको-मुलीला इथे आणायला व्हिसाचा अर्ज कर. सुनंदा फोनवर म्हणाली, "ह्या खेपेक जमला नाय तर तुमीच परत येवा. चेडवाक धावा वर्स लागला. ती फोटो बघून जेवता तुमचो." चेडू म्हणजे आमची मुलगी वैष्णवी, तिला दहावं लागलं होतं. सुनंदा रडत नव्हती. ठरवून बोलत होती. अर्ज नामंजूर झाला तर नोकरी सोडून जायचं, हे त्याच दिवशी ठरलं. आणि आठवी शिकलेल्या माणसाला ही नोकरी दुसऱ्यांदा मिळणार नव्हती.

जपानी माणूस समोरचा बोलत असताना दर चार शब्दांनी 'हाय' म्हणतो. पुस्तकात याचा अर्थ 'होय' असा दिलाय. खरा अर्थ 'ऐकतोय, पुढे बोला'. स्वयंपाकघरात मालकाचं बोलणं ऐकून ऐकून जपानीतला हा एकच शब्द माझा पक्का झाला होता. इमिग्रेशनच्या ऑफिसात अर्ज द्यायला गेलो तेव्हा काउंटरवरचा माणूस हळू, सभ्य आवाजात काहीतरी विचारत होता आणि मी मान हलवून सांगत होतो, ऐकतोय, पुढे बोला. काय विचारलं ते नंतर कळलं. बायको इथे येऊन नोकरी करणार का? हाय. तुमच्याच हॉटेलात? हाय. दिवसभर? हाय. मुलीला शाळेत घालणार ना? इथे मला वाटलं, संपलं. मी उठलो आणि कमरेत वाकून म्हणालो, सुमिमासेन. म्हणजे, माफ करा.

वीस दिवसांनी पाकीट आलं. मिचिकोसाननी वाचलं. बायको नोकरीसाठी येत असेल तर हा अर्ज कुटुंबाचा होत नाही. पंधरा दिवसांत लेखी खुलासा द्या.

दुसऱ्याच दिवशी मी पाकीट घेऊन मंडळात धावलो. मोघेसाहेबांनी जीव तोडून मदत केली, हे त्यांनी कापलं तरी मी पुन्हा लिहीन. त्यांनी इंग्रजीत चार पानांचा खुलासा लिहून दिला. सविनय नमस्कारापासून सुरुवात, मग गौतम बुद्ध, मग दोन्ही देशांची मैत्री, मग माझी मेहनत, आणि पानोपानी आभार. मी तो रविवारी दुपारी क्निपसाहेबांकडे घेऊन गेलो. त्यांनी कानावरची पेन्सिल काढली.

"अकरा वेळा आभार मानलेत," ते म्हणाले. "माझ्या मालिकेत इतके आभार मानणारा माणूस शेवटी खुनी निघतो."

त्यांनी चारही पानांवर एकेक तिरकी रेघ मारली. मला वाटलं, माझ्या बायको-मुलीवरच मारली.

"तुला काय हवंय?"

"कुटुंब एकत्र यावं, साहेब. मुलीचं भवितव्य..."

"हे भाषण झालं. मला दिसेल असं सांग. कॅमेरा लावला तर काय दिसेल?"

मी डोळे मिटून बघितलं. मग म्हणालो, "तिघं जेवायला बसलोय."

"हे कधीपासून दिसलं नाही?"

"तीन वर्षं झाली."

त्यांनी लिहून घेतलं. "आता, वाटेत कोण उभं आहे?"

"सरकार."

"सरकारने फक्त प्रश्न विचारले. वाटेत तू उभा आहेस, कोख. स्वतःच्याच वाटेत उभा राहिलेला माणूस! हे लिहावं म्हणून मी तीस वर्षं चॅनलच्या पाया पडत होतो."

आणि त्यांनी लिहिलं:

माझं नाव सुरेश कोचरेकर, मी आचारी आहे. काउंटरवर विचारलेले प्रश्न मला कळले नाहीत. कळलं नाही हे सांगायची लाज वाटली म्हणून मी प्रत्येक प्रश्नाला हाय म्हणालो. माझी बायको नोकरीसाठी येत नाही. माझी मुलगी इथे शाळेत जाईल. तीन वर्षं आम्ही तिघं एकत्र जेवलेलो नाही.

"साहेब," मी हात जोडले, "सरकारला लाज वाटली म्हणून कसं सांगायचं? माझं शिक्षण कमी आहे हे त्यांना कळेल."

"जो सगळी उत्तरं बरोबर देतो त्याच्यावर कमिसारचा संशय असतो. जो म्हणतो मी घाबरलो होतो, त्याला कमिसार खुर्ची देतो. तीस वर्षं मीच ती खुर्ची देववली आहे."

मिचिकोसान जपानी करायला बसल्या आणि तिथे नवरा-बायकोची जुंपली. त्यांचं म्हणणं, शेवटी दिलगिरीची एक ओळ हवीच. हे म्हणाले, कमजोर शेवट. त्या म्हणाल्या, "हार्टमुट, ही मालिका नाही. हे ऑफिस आहे आणि माझा देश आहे." ते खिडकीशी गेले. परत येऊन म्हणाले, "एकच ओळ. विशेषण नको." ती सातवी ओळ मिचिकोसानची. तिच्यावर त्यांनी पुढेही नाक मुरडलं.

मंजुरी पाच आठवड्यांनी आली. मी पाकीट घेऊन धावतच त्यांच्या घरी गेलो, ॲप्रनसकट. त्यांनी ते उलटसुलट करून पाहिलं, एक अक्षर वाचता येत नसताना.

"काही बदल सुचवलेत का?"

"नाही साहेब, मंजूर म्हणतायत."

"एक शब्दही न बदलता?" ते खाली बसले. "माझ्या आयुष्यात असं पहिल्यांदा झालं." मग म्हणाले, "आणि नाव अर्थातच दुसऱ्याचं."

मी आभार मानायला तोंड उघडलं, पण त्यांनी बोट वर केलं.

सुनंदा आणि वैष्णवी आल्या त्या दिवशी ते विमानतळावर आले. मी बोलावलं नव्हतं, त्यांची तब्येत बरी नव्हती. पुढच्या आठवड्यात हृदयाच्या ऑपरेशनसाठी जर्मनीला जायचं होतं. "सामानाची गाडी कोण ढकलणार?" एवढंच म्हणाले. दार उघडलं आणि दोघी बाहेर आल्या. सुनंदा बारीक झाली होती. वैष्णवी आईच्या मागे उभी राहून माझ्या बुटांकडे बघत होती. तीन वर्षं रोज मनात घोकलेलं एकही वाक्य आलं नाही. क्निपसाहेब पाठ फिरवून सामानाच्या गाडीच्या ब्रेकशी झटापट करत राहिले. ती मुळात अडकलेली नव्हती.

आगगाडीच्या प्लॅटफॉर्मवर त्यांनी आमच्या पिशव्या डब्यात चढवल्या आणि स्वतः खालीच थांबले.

"साहेब, चढा ना."

"मी पुढच्या गाडीने येतो. लेखक समोर उभा असला की नट अवघडतात."

सुनंदाला त्यातलं काही कळलं नाही. पाहुणा रिकाम्या हाताने खाली राहतोय एवढंच तिला दिसलं. तिने पिशवीतून डबा काढला, दारातूनच त्यांच्या हातात नाचणीचा लाडू ठेवला आणि म्हणाली, "खावा, घरचो आसा." दार लागलं.

क्निपसाहेबांना मी शेवटचं पाहिलं ते तेव्हाच. ऑपरेशननंतर ते उठले नाहीत. तिथे, त्या झाडून पुसून ठेवलेल्या प्लॅटफॉर्मवर, सगळे रांगेत उभे असताना ते एकटे लाडू खात होते. चुरा कोटावर सांडत होता आणि ते तो बोटाने टिपून टिपून तोंडात टाकत होते. गाडी हलली तरी त्यांनी वर पाहिलं नाही.

वैष्णवी काचेला नाक लावून मागे बघत राहिली. मग तिने माझी बाही ओढली. "बाबा, ते आजोबा एकटेच रवले?"

"मागल्या गाडयेन येतले," मी म्हणालो.